दोन बोटं सैल

आईला जाऊन महिना होत नाही तोच दादा आणि ताई तिच्या घरात असे शिरले, जसं काही दुकानात सेल लागलाय. धाकटी आपल्या पाच महिन्यांच्या लेकीला कडेवर घेऊन दारातच उभी राहिली. आत पाय ठेवायला जागा या दोघांनी ठेवली असती तर ना!

माणसाच्या हातचं वस्तूत मुरतं, हे त्या घरात शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. हातांनी जे काम केलं तेच काम कुणी पुन्हा केलं, की आठवण वर येते. मग ती वस्तू असो, झाड असो, मांजर असो. पण वस्तूकडून भलतंच काम करून घेतलं, की जुनं पुसून नवं बसतं आणि मग जुनं काम केलं तरी तेच वर येतं. जिवंत गोष्टी तेवढ्या शहाण्या; त्या काही पुसून टाकत नाहीत.

आई शिंपीण. दादाने तिच्या मशीनचं चाक फिरवलं आणि पुरस्कार स्वीकारायला निघाल्यासारखे डोळे मिटले. मशीनमधून आईचा आवाज आला, "मेला दोरा परत तुटला!" तीनदा फिरवलं, तिन्ही वेळा दोराच तुटला.

ताईने मांजरीची हनुवटी खाजवली. "उतर खाली, कापडावर केस पडतात."

"माझ्याबद्दल काहीच कसं नाही गं?" ताईचं तोंड एवढंसं झालं.

जन्मात कधी आईला फोन करून 'जेवलीस का' विचारलं नाही आणि आता मांजरीकडून प्रशस्तिपत्रक मागतेय, धाकटीच्या मनात आलं. हसू दाबायला तिने लेकीच्या मानेत नाक खुपसलं.

तिला स्वतःला एकच गोष्ट हवी होती: खुंटीवरचा मापाचा टेप. आई आपल्या मुलांना पहिलं वर्षभर दर महिन्याला त्याच टेपने मोजायची. आणि ताई लहानपणापासून ऐकवत आली होती, "तू नको असताना आलीस. तू झालीस तेव्हा आई आठ दिवस रडत होती." त्याला धाकटीकडे उत्तर नव्हतं. टेपकडे असेल.

"दादा, मला फक्त तो टेप दे."

"एवढंच? शेंडेफळाने मागून मागून मागितलं काय, तर चिंधी!" दादाने टेप काढला. "थांब हं, हे कपाट दारातून जातंय का बघतो."

"दादा, त्याने नको! आईने त्याने फक्त माणसं मोजलीत!"

"अगं, टेप मोजायलाच असतो ना?" असं म्हणून त्याने कपाट उभं मोजलं, आडवं मोजलं, आकडा विसरला म्हणून पुन्हा मोजलं. मग टेपचं भेंडोळं तिच्या हातात कोंबलं. वर म्हणाला, "बघ, दिला की नाही?" उपकारच केले जसे!

दुसऱ्या दिवशी दुपारी धाकटीने लेकीला पलंगावर निजवून तिच्या छातीभोवती टेप गुंडाळला. वर आला तो दादा. "रुंदी अठ्ठेचाळीस. लिफ्टमध्ये मावेल ना? ताईची नजर पडायच्या आत उचलायला हवं."

माणसाने काहीतरी बरं मुरवावं! याने मुरवून मुरवून मुरवली ती बहिणीवरची कुरघोडी.

लेक टेपचं टोक चोखत तिच्याकडे बघत होती. बघता बघता धाकटीच्या डोक्यात प्रकाश पडला. टेप पुसला गेला, पण त्याने जिला मोजलं ती तर जिवंत आहे! तिने टेप स्वतःच्या छातीभोवती घट्ट ओढला. पुन्हा लिफ्ट, पुन्हा कपाट. मग तिला आठवलं, आई कधीच घट्ट मोजायची नाही. टेपखाली दोन बोटं घालायची. श्वासाला जागा हवी म्हणायची. तिने दोन बोटं आत सरकवली.

दादाचा आवाज विरला. फासळ्यांतून टेपचा गारवा वर आला, खडू लागलेल्या अंगठ्याचा वास आला आणि आई बोलली. "आठ दिवस डॉक्टर म्हणत होते, पोर राहायची नाही. बघा, अर्ध्या बोटाने भरलीये! थोरल्या दोघांचं उसन्या झबल्यांवर भागवलं, हिचं कापड मात्र मी ही व्हायच्या तीन महिने आधीच आणून ठेवलंय. सैल शिवते गं राणी, तू वाढणारेस."

आठ दिवसांचं रडणं ताईने पाहिलं होतं, त्याचं कारण विचारायचं मात्र तिला उभ्या आयुष्यात सुचलं नव्हतं.

फोन वाजला. दादाच. "अगं, कपाट लिफ्टमध्ये अडकलंय! मापाचा आकडाच आठवेना. टेप तुझ्याकडे आहे ना? जरा बघून सांग की."

आकडा तिला तोंडपाठ झाला होता.

"टेप कामात आहे, दादा," ती म्हणाली आणि फोन ठेवला. मग तिने लेकीच्या छातीभोवती टेप पुन्हा धरला. या वेळी दोन बोटं सैल.