जायफळाची कॉफी

वसुमतीबाई कॉफीचा मसाला घरीच करत. वेलची, सुंठ, दालचिनीचा लहानसा तुकडा आणि किसलेलं जायफळ साखरेबरोबर मिक्सरमधून काढायचं, चाळायचं आणि कोरड्या बरणीत भरायचं. कॉफीत तोच, बासुंदीत तोच, चिकूच्या हलव्यावरही तोच. डहाणूजवळ मसोलीच्या घरात एक बरणी दोन-तीन महिने सहज पुरायची. २०१९च्या जानेवारीत मात्र ती पंधरवड्यातच तळाला गेली.

मसाला संपवत होती त्यांची सून रश्मी. ती वेवजी गावच्या शाळेत शिकवायची, आणि तिकडे नोव्हेंबरपासून जमीन हादरत होती. कधी नुसता गडगडाट, कधी भिंतीला नवा तडा. संध्याकाळी एसटीने घरी आली तरी तिचं अंग सैल पडत नसे. मालगाडी गेली आणि खिडकी थरथरली की ती ताट सोडून दारात जाऊन उभी राहायची. तिचा नवरा देवेश रेल्वेत होता. त्याने बदलीचा अर्ज कर म्हणून सांगून पाहिलं. वर्गातल्या मुलांना तिथे ठेवून मी कुठे जाऊ, असं ती म्हणायची आणि रात्रभर कूस बदलत राहायची.

जायफळाने डोळा लागतो, हे तिला वसुमतीबाईंनीच सांगितलं होतं. रश्मी कॉफीत मसाला वाढवत गेली. तेवढ्याने भागेना, तेव्हा वेगळं जायफळ किसून घालू लागली. पुढे पुढे जीव थाऱ्यावर राहावा म्हणून तीच कॉफी थर्मासमधून शाळेतही न्यायला लागली.

एका दुपारी खिचडीची सुट्टी संपवून मुलं वर्गात बसली होती. रश्मीच्या तोंडाला कोरड पडली होती, छाती धडधडत होती. फळ्यावर लिहिता लिहिता तिला फळा कलल्यासारखा वाटला आणि पायाखालची फरशी सरकली. ती ओरडली, "बाहेर पळा!"

मुलांना सवय झाली होती, ती उठली आणि धावली. दारात चिमी नावाची मुलगी पडली, मागची दोघं तिच्यावर कोसळली. तिचं मनगट मोडलं.

मैदानात माणसं जमली. आम्हालाही धक्का जाणवला, असं दोघं-तिघं म्हणाले. एकाने तर घरातली भांडी वाजल्याचं सांगितलं. रश्मी मातीत बसली होती, तरी तिच्या खालची जमीन हलायची थांबत नव्हती.

देवेशने तिला डहाणूत डॉक्टरांकडे नेलं. खाण्यापिण्याची चौकशी करता करता कॉफीची गोष्ट निघाली. इतकं जायफळ अंगात गेलं की विषासारखं भिनतं, त्यानेच गरगरलं असेल, असं डॉक्टर म्हणाले. पुढे कळलं, की त्या दुपारी धक्क्याची कुठे नोंदच नव्हती.

"गावाला भूकंपच वाटतोय," वसुमतीबाई म्हणाल्या. "तू कशाला सांगायला जातेस?"

रश्मीला मात्र एका जागी बसवेना. ओटा पुसून झाला की पुन्हा पुसायची. अखेर रविवारी ती वेवजीला जायला निघाली, तेव्हा वसुमतीबाईही पदर खोचून रिक्षात येऊन बसल्या. जायफळाचं खूळ माझंच, एवढंच म्हणाल्या.

चिमीची आई शुक्री अंगणात तांदूळ पाखडत होती. प्लास्टरमधला हात मांडीवर घेऊन चिमी शेजारी बसली होती. रश्मीने काही न लपवता सगळं सांगितलं. शुक्रीचं सूप थांबलं.

"मंग बाई, परत तुम्ही ओरडलात तर पोरांनी पळायचं का नाय?"

वसुमतीबाई काही सांगायला पुढे झाल्या, तर शुक्रीने हातानेच थांबवलं.

"पोरीला शाळेत धाडीन," ती म्हणाली. "पण त्या खोलीत नाय बसवायची."

दुसऱ्या दिवशी रश्मीने हेडमास्तरांनाही खरं सांगितलं. त्यांचं बोलणं तिने मुकाट्याने ऐकून घेतलं आणि वर्ग बाहेर घेण्याची परवानगी मागितली. चार बांबू रोवून वर ताडपत्री बांधली. घरी वसुमतीबाईंनी नवा मसाला केला, वेलची आणि बडीशेपेचा, सुंठ नावाला. देवेशला त्याची कॉफी आवडली नाही. रश्मी ती प्यायची, पण झोप तशी अर्धीच राहिली. ताडपत्री वाऱ्याने फडफडली तरी ती दचकायची.

फेब्रुवारीत एका सकाळी मुलं सातचा पाढा म्हणत होती. जमिनीतून घुमल्यासारखा आवाज आला आणि सतरंजी खालून ढकलली गेली. सगळी मुलं रश्मीकडे पाहू लागली. ओरडावं की नाही, हे तिला ठरवता येईना. मग तिने तळहात जमिनीवर टेकला.

"खरा आहे," ती म्हणाली. "बसून राहा. डोक्यावर छप्पर नाही आपल्या."

मुलं एकमेकांना धरून बसली. शाळेच्या छपरावरून एक कौल घसरलं आणि दाराच्या पायरीवर फुटलं. मग सगळं शांत झालं. रश्मीने एकेकाला हात लावून पाहिलं, दोनदा. पण पाढा कुठवर आला होता, ते तिला आठवेना.

"सात पाचे," चिमी म्हणाली.