पांढरी खाचरं

घरात काहीही बिघडलं की मला हाक मारतात. गीझर, गॅसची शेगडी, वायफाय, सगळं. प्रितेश, म्हणजे माझा नवरा, साधा बल्ब बदलायचा तरी वायरमनला फोन लावतो. मी वसईत एका कुरिअर कंपनीच्या ऑफिसात दिवसभर कॉम्प्युटरवर बसते, त्यामुळे घरच्या कॉम्प्युटरचं दुखणंखुपणंही माझ्याकडेच. आणि खरं सांगते, मला याचा माज होता. म्हणून जे झालं ते मी दुसऱ्या कुणावर ढकलू शकत नाही.

तो कॉम्प्युटर तसा माझ्या सासऱ्यांचाच. बाबांनी, काशीराम त्यांचं नाव, जन्मभर खाडीकाठी भात पिकवला. पाच वर्षांपूर्वी ती जमीन भरावाखाली गेली, तिथे बिल्डिंगा उभ्या राहिल्या आणि आम्ही या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये आलो. भराव पडायच्या आधी बाबांनी प्रितेशला एकेका खाचराच्या बांधावर उभं करून फोटो काढायला लावले होते. मग त्याला शेजारी बसवून एकेक फोल्डर हिरव्या स्क्रीनवर नेमका हवा तिथे ठेवून घेतला. "ह्यो वर. आनखी वर. उघाडीच्या बाजूला." उघाडी म्हणजे भरतीचं पाणी अडवणारी, बांधातली झडप. अकरा फोल्डर, अकरा खाचरं. प्रितेशने त्यांना नावंसुद्धा दिली नाहीत. न्यू फोल्डर वन, टू, थ्री असंच राहिलं. नावं घालू का विचारलं तर बाबा म्हणाले, "खाचराच्या अंगावर कोन नाव लिवतं?"

गेल्या वर्षापासून बाबांचं विसरणं वाढलं. नातवाचं नाव गेलं, मग माझं गेलं. सासूबाई जाऊन तीन वर्षं झाली, तेही गेलं. पण रोज सकाळी चहा झाला की ते कॉम्प्युटरसमोर बसायचे आणि शेतावर फेरी मारायचे. उजवीकडच्या खालच्या कोपऱ्यातून आत शिरायचे, कारण वाट तिथून होती. माउस कधी फोल्डरवरून आडवा न्यायचे नाहीत. दोन फोल्डरांमधल्या रिकाम्या जागेतून, बांधावरून चालावं तसा, हळूहळू न्यायचे. मी ऑफिसला निघायच्या घाईत असायची आणि ते बघून मला अगदी नको व्हायचं.

"बाबा, सरळ जा ना तिकडे."

"उभ्या भातातून जाऊ?" ते मलाच दटावायचे.

डावीकडे अगदी वरच्या फोल्डरात सासूबाईंचा लावणी करतानाचा फोटो होता. तिथे पोचले की म्हणायचे, "बायजा, भरती लागली, वर ये." मग कॉम्प्युटर बंद करून गॅलरीत जाऊन बसायचे, आणि उरलेला दिवस बरा जायचा. डॉक्टरांनी बजावलं होतं, हा क्रम मोडू नका, सध्या ते यावरच उभे आहेत.

गेल्या महिन्यात एका मंगळवारी मी डबा भरत होते, तर बाहेरून आवाज आला, "पोरी, मीठ फुटला."

जाऊन बघते तर अकराही फोल्डरांचे पिवळे आयकॉन नाहीसे झालेले आणि त्यांच्या जागी पांढरे कोरे कागद. मला कळायला जरा वेळ लागला. खाडीचा बांध फुटून खारं पाणी शेतात शिरलं की ते ओसरल्यावर जमीन अशी पांढरी पडते. मग त्या जमिनीत दोन-तीन वर्षं दाणा पिकत नाही. बाबांनी ते दोनदा भोगलं होतं.

"बाबा, कॉम्प्युटर बिघडलाय. संध्याकाळी आले की करते नीट."

"सांजच्यापर्यंत काय राहील? बांध फुटलाय. फावडा कुठं हाय?"

ते उठले, लेंगा काढून कुठूनशी जुनी हाफपँट शोधून आणली, चढवली आणि दाराची कडी काढायला लागले. मागे एकदा असेच निघाले होते, ते चार तासांनी हायवेच्या कडेला सापडले. मी आतून कुलूप लावलं आणि ऑफिसला फोन करून रजा टाकली. बाबा दारावर थापा मारत होते. "पानी भरतंय आनि ही दार लावून बसली." शेजारच्या पॉलिन आंटी बाहेर येऊन काय झालं म्हणून विचारून गेल्या. मला लाजही वाटली आणि रागही आला.

"थोडं थांबा," मी म्हटलं, "सगळं पहिल्यासारखं करून देते."

मोबाइलवर शोधलं. दुखणं साधं होतं. आयकॉनची चित्रं कॉम्प्युटर एका लपवलेल्या फाइलमध्ये साठवून ठेवतो, ती फाइल खराब झाली की चित्रं कोरी पडतात. ती फाइल हुडकून काढली, उडवली, कॉम्प्युटर बंद करून पुन्हा चालू केला. अकरा फोल्डर पिवळेधमक, पिकल्या भातासारखे. मी इथे थांबायला हवं होतं.

पण मला पसारा बघवत नाही. ऑफिसात मी दुसऱ्याच्या टेबलावरची पेनंसुद्धा सरळ लावते. हे वाकडेतिकडे पसरलेले फोल्डर वर्षभर माझ्या डोळ्यांत खुपत होते. बाबा रोज जागा बघून फिरतात हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. ठाऊक होतं, पण म्हाताऱ्या माणसाचा खेळ म्हणून ठाऊक होतं. आता हात घातलाच आहे तर आवरून टाकू, असं मनात आलं. उजवं बटण दाबलं, सॉर्ट बाय नेम, ऑटो अरेंज. डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच अकराही फोल्डर डाव्या कडेला जाऊन एकावर एक ओळीने उभे राहिले.

"या बाबा. बघा, मीठ गेलं."

ते येऊन बसले. माउस उजवीकडे खालच्या कोपऱ्यात नेला. तिथे काही नव्हतं. थोडा वर सरकवला, परत खाली आणला. वाट चुकली असेल म्हणून पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. मग मान वळवून त्या ओळीकडे बघत राहिले.

"ही बिल्डिंग कोनाची?"

"बाबा, आपलीच खाचरं आहेत. फक्त नीट लावली."

"भराव घातला," ते म्हणाले.

आवाज चढवला नाही. हाफपँटवर तसेच खुर्चीत बसून राहिले. मी कुलूप काढून दार उघडं टाकलं, तरी उठले नाहीत.

मग माझी धावपळ सुरू झाली. आधीचं परत आणायची बटणं दाबून पाहिली. ऑटो अरेंज काढलं. फोल्डर जागचे हलले नाहीत. प्रितेशला फोन केला तर तो म्हणाला, "अगं, सगळे चिखलाचे आणि बांधाचे फोटो आहेत. मी काय कधी शेतात उतरलोय? त्या दिवशी बाबा सांगतील तिथे क्लिक केलं, बस." सातबारा काढला, जमिनीचा नकाशा काढला. पण नकाशातलं कुठलं खाचर कुठल्या फोल्डरात, हे सांगणारा माणूस एकच होता. प्रितेशच्या मोबाइलमध्ये बाबांचा कॉम्प्युटरसमोर बसलेला एक फोटो सापडला. त्यात सगळा स्क्रीन बाबांच्या डोक्याआड गेला होता, उजवीकडचे खालचे दोन फोल्डर तेवढे दिसत होते. ते दोन मी जागेवर ठेवले. सासूबाईंचा वर डावीकडे ठेवला. आठ उरले.

त्या दिवसापासून बाबा स्वतःहून कॉम्प्युटरकडे गेले नाहीत. चहा झाला की कप हातात धरून विचारतात, "आता काय करायचा?" दिवसातून सात-आठ वेळा विचारतात. दाराला आता कुलूप लागत नाही, ते कुठे जातच नाहीत. सगळं पांढरं पडलं होतं तेव्हा निदान ते शेत त्यांचं होतं. ते वाचवायला धावले होते, माझ्यावर ओरडले होते. मी दुरुस्त केलं आणि ते गेलं. झोपताना हेच डोक्यात येतं.

परवाच्या रविवारी मी त्यांना हाताला धरून खुर्चीवर बसवलं. तो वर डावीकडचा फोल्डर उघडला, सासूबाईंचा फोटो मोठा केला आणि मीच म्हटलं, "बाबा, भरती लागली." त्यांनी फोटोकडे बघून नुसती मान हलवली. मग मी चौथा फोल्डर उघडला. चिखल, बांध आणि बांधाच्या कडेला एक खुरटं झुडूप. त्यांचा हात माउसवर ठेवला आणि त्यावर माझा हात ठेवला.

"बाबा, हे खाचर कुठे होतं? आठवून बघा ना. मला चुकीचं ठेवायचं नाहीये."

ते फोटोवर वाकले. एकदा बोट उचललं, मला वाटलं दाखवतायत. ते बोट त्यांनी परत खाली ठेवलं. मग ते माझ्याकडे वळले आणि दारात आलेल्या परक्या बाईशी बोलावं तसं अगदी अदबीने म्हणाले, "तुमच्या मनाला येल तिथं ठेवा, बाय. आमचा तिथं काय नाय."