तू मला मेलीस

ज्या जगात बोललेलं खरं होई, त्या जगातल्या वांगणीची ही गोष्ट. तिथं उतू जाणाऱ्या दुधाला बाया ‘थांब’ म्हणत आणि दूध थांबे. कुणी शिवी हासडली तर समोरच्याच्या अंगावर वळ उठे. म्हणून राग आला की आधी तोंड मिटायचं, हे पोरांना बोलायला येण्याआधीच शिकवलं जाई. तरीही घराघरांत नको ते बोललं जाई, आणि जे घडलं ते कुठल्याच शब्दानं मागे फिरत नसे.

बुधाजीची वांगणीत थोडी भातशेती होती आणि अंबरनाथच्या कारखान्यात नोकरी. त्याची एकुलती एक मुलगी शलाका बदलापूरच्या एका दवाखान्यात नर्स होती. एका रविवारी जेवणं आटोपल्यावर ती म्हणाली, “बाबा, मला अनीशशी लग्न करायचंय. आमच्याच दवाखान्याच्या लॅबमध्ये आहे. उल्हासनगरला राहतो, चार नंबर कॅम्पात.”

“आपल्यातला हाय?”

“नाही. बौद्ध आहे.”

बुधाजीचा चेहरा बदलला. बायको कौसाबाई घाईनं मध्ये आली. “अवो, तोंड मिटा! आता काय बोलू नका!”

पण बुधाजी ताडकन उठला आणि ओरडला, “जा त्याच्याकडं! आजपासून तू मला मेलीस!”

आणि त्याच्यासमोर कुणीच उरलं नाही.

“अवो, ती हितंच हाय! रडतेय तुमच्यासमोर!” कौसाबाई हंबरडा फोडून म्हणाली. बुधाजीला फक्त दाराची कडी आपोआप निघताना दिसली.

सुरुवातीला तो म्हणायचा, बरं झालं. लग्नाला तो गेला नाही. पुढे शलाका आईला भेटायला येई, तेव्हा कौसाबाई रिकाम्या खुर्चीशी बोलताना, हसताना दिसे. बुधाजी उठून शेतावर जाई. पण हळूहळू घर त्याला खायला उठलं. ‘बाबा, जेवलात का?’ एवढं ऐकायला त्याचे कान आसुसले. एकदा ती घरी आलेली असताना बांधावर उभा राहून तो जिवाच्या आकांतानं ओरडला, “शलाका, तू जिवंत हायेस! माझी हायेस!” धावत घरी आला. “आली काय गं ती?”

“तुमच्या समोरच बसलीय,” कौसाबाईनं डोळ्यांना पदर लावला.

शलाकाला मुलगी झाली, तेव्हा अनीशची आई गयाबाई स्वतः पेढे घेऊन वांगणीला आली. बुधाजी मान खाली घालून म्हणाला, “ताई, रागात गेला शब्द. मी काय वाईट बाप नाय.”

“राग मलाही येतो, दादा,” गयाबाई शांतपणे म्हणाली. “पण हा शब्द रागानं नाही तयार केला. तो तुमच्या ओठांवर आधीपासून होता, रागानं फक्त बाहेर काढला. आमच्या आजेसासऱ्यांना विहिरीवर ‘लांब हो’ म्हणायचे. पाणी खरंच लांब जायचं, घागर पोचायची नाही. म्हणणारेही लेकराबाळांची, देवधर्माची माणसं होती. स्वतःला कुणीच वाईट समजत नव्हतं. शलाका जिवंत आहे, हसते, कामाला जाते. मेला तो तिचा बाप. त्याच्यासाठी ती रोज रडते.”

 बुधाजीनं विचारलं, “मी आता काय करू?”

“नातीच्या नामकरणाला या.”

तो गेला. खोलीत पाहुणे होते आणि मधोमध, हवेत, त्याची नात होती. कुणाच्या तरी कुशीत असावी तशी. मान वर करून ती रिकाम्या जागेकडे पाहत होती आणि हसत होती.

“अनीश, शलाका काय करतेय?”

“तुमच्याकडे बघतेय, बाबा.”

“वाळलीय काय?”

“नाही. जागरणानं डोळे ओढलेत थोडे.” अनीश बाजूला सरकला. “म्हणतेय, धरा हिला.”

बाळ हवेतून पुढे आलं. बुधाजीनं हात पसरले, त्यावर कोवळं ओझं आलं. त्या ओझ्याखाली शलाकाचे हात त्याच्या हातांना लागलेच असतील! त्यानं श्वास रोखून ते चाचपले. काहीच लागलं नाही.

“चुकलं गं माझं, पोरी!” तो ओक्साबोक्शी रडू लागला.

त्याच पावसाळ्यात शेजारच्या हिरामणच्या अंगणात आरडाओरडा झाला. त्याची मुलगी सोनिया एका सिंधी मुलाशी लग्न करायचं म्हणत होती. “सोनिया, आजपासून तू मला—” एवढं कानावर पडताच बुधाजी धावला आणि त्यानं हिरामणचं तोंड हातानं दाबून धरलं.

“सोड! माझ्या घरचा मामला हाय!” हिरामण झटापट करत म्हणाला.

“तुझाच हाय. पण आधी माझ्या घरी चल. शलाका आलीय. तुला ती दिसेल. ती कशी दिसतेय, ते मला सांग. मग ये आणि तुझ्या लेकीला काय बोलायचं ते बोल!”

हिरामण सोनियाकडे बघत राहिला. मग मटकन ओट्यावर बसला. “ये, बस हितं,” तो पुटपुटला. “कोण हाय तो पोरगा, सांग.”

वाचकहो, मुलगी जातीबाहेर लग्न करते म्हणून ती मरत नाही. तिला मेली म्हणणारं घर मात्र तिला कायमचं मुकतं. घराची अब्रू जपायची असेल तर घरातलं माणूस जपा! असले शब्द आपल्यातल्या कितीजणांच्या ओठांवर आजही तयार आहेत. ते आजच टाकून देऊ या. राग आल्यावर तेवढा वेळ मिळत नाही.