मड्याचा खांदा

तेव्हा गावात एसटी येत नव्हती. वाळूवर ओढताना होडी कलंडली आणि प्रेमलतेच्या नवऱ्याचं, सहदेवाचं, मांडीचं हाड मोडलं. त्याला मालवणला डॉक्टरकडे न्यावं का, म्हणून तिच्या थोरल्या दिरांनी देवळात कौल लावला. मूर्तीला चिकटवलेली डावी पाकळी पडली, म्हणजे देवाचा नकार.

"उद्या परत इचारूया," दीर म्हणाले.

बाजेवर नवरा गुरासारखा ओरडत होता. प्रेमलतेच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"दादानू, ह्यो पाय तुमचो असतो तर?"

तिने कासोटा आवळला आणि मासे विकणाऱ्या तिघी शेजारणींना हाक मारली. चौघी बाजेशी वाकल्या.

"बायकांनी खांदो देवचो नसता गो!" दीर दारात आडवे आले.

"खांदो मड्याक देतत. माजो घोव जितो आसा. वाट सोडा!"

चौघींनी बाज उचलली आणि मालवणची वाट धरली.