ज्येष्ठेवर आलेला आळ

मित्रांनो, मी म्हातारी आहे आणि चांगली लठ्ठही आहे. त्यात लाजायचं कशाला? तुमच्या सूर्याला उचलून त्याच्या जागी मला बसवलं, तर बुध, शुक्र, तुमची पृथ्वी आणि तो मंगळसुद्धा माझ्या पोटात जाईल. माझं नाव ज्येष्ठा. वृश्चिक राशीत विंचवाच्या छातीपाशी तांबूस चांदणी दिसते ना, ती मी. मला बघायला दुर्बीण लागत नाही. पावसाळा सरताना संध्याकाळी दक्षिणेकडे तोंड करा, दिसेनच.

कोटभर वर्षांपूर्वी वायूच्या आणि धुळीच्या एका ढगातून मी जन्मले. तरुणपणी मी सडपातळ होते, निळसर होते आणि भयंकर तापट. तुमचा सूर्य जपून जळतो, म्हणून तो अब्जावधी वर्षं टिकतो. मी मात्र आगापिछा न पाहता जळले. पोटातला हायड्रोजन लवकर संपला आणि मी फुगत गेले. फुगले तशी वरून निवले, म्हणून लाल दिसते. निवले म्हणजे तरी साडेतीन हजार अंश, बरं का! सूर्याहून थंड, पण अंगाने एवढी अवाढव्य की माझा उजेड हजारो सूर्यांना भारी पडतो.

लोकांनी माझं कौतुकही पुष्कळ केलं. एका महिन्याला माझं नाव दिलं. भाद्रपदात चंद्र माझ्यापाशी येतो, त्या दिवशी तुमच्या घरी गौरी जेवतात. आणि त्याच माझ्यावर आळ! काय तर म्हणे, ज्येष्ठा नक्षत्रावर जन्मलेली मुलगी थोरल्या दिराला जड. म्हणजे तिचं लग्न झालं की नवऱ्याच्या मोठ्या भावाच्या जिवाला धोका. अहो, मी कशाला कुणाचा दीर खाऊ? हे ऐकून मला फार वाईट वाटायचं. माझ्यापेक्षा जास्त वाईट त्या पोरींचं व्हायचं.

त्यांतल्या एकीची गोष्ट सांगते. मला ती चंद्राने सांगितली. तो दर महिन्याला माझ्या अंगणातून जातो आणि तुमच्या घरातल्या सगळ्या बातम्या आणतो.

निजामाच्या राज्यातलं हैदराबाद. सुलतान बाजारात कापडाच्या दुकानांमागे नरहररावांचं घर होतं. ते अदालतीत पेशकार होते, म्हणजे न्यायाधीशापुढे खटल्यांचे कागद ठेवणारे कारकून. त्यांची मुलगी द्वारका नामपल्लीच्या एका शाळेत लहान मुलींना शिकवायची. पोरगी हुशार, हसरी, पण जन्म माझ्या नक्षत्रावर. तीन स्थळं आली आणि तिन्ही मोडली, कारण तिन्ही मुलांना मोठे भाऊ होते. तिसऱ्या वेळी द्वारका आईला म्हणाली, "आई, माझ्यात खरंच काही वाईट असेल का गं?" शांताबाईंनी पदर डोळ्यांना लावला. त्याच दिवशी त्यांनी ठरवलं, आता कुणी विचारलं तर अनुराधा नक्षत्र सांगायचं. अनुराधा माझ्या शेजारचीच, आणि तिच्यावर असला आळ नाही.

चौथं स्थळ आलं ते अनसूयाबाईंच्या धाकट्या मुलाचं, रघुनाथचं. तो वकील होता. द्वारकेला तो आवडला होता. त्याचा थोरला भाऊ भालचंद्र शहरातल्या वेधशाळेत कामाला होता. ताऱ्यांचे फोटो काढलेल्या काचा भिंगाखाली धरायच्या आणि एकेका ताऱ्याची जागा मोजायची, हे त्याचं काम. अनसूयाबाईंची दोन मुलं लहानपणीच गेली होती. त्यानंतर हा भालचंद्र वाचला, म्हणून त्याला साधी शिंक आली तरी त्या परेशान व्हायच्या.

गौरीपूजनाच्या संध्याकाळी अनसूयाबाई दोन्ही मुलांना घेऊन हळदीकुंकवाला आल्या. सगळं जवळजवळ ठरलंच होतं. गौरींसमोर बसून त्यांनी सहज विचारलं, "मुलीचं नक्षत्र कोणतं म्हणालात?"

"अनुराधा," शांताबाई घाईघाईने म्हणाल्या.

द्वारका कुंकवाचा करंडा घेऊन उभी होती. तिने एकदा गौरींकडे पाहिलं. "नाही काकू, ज्येष्ठा," ती म्हणाली. "आईने माझ्या मायेपोटी खोटं सांगितलं."

अनसूयाबाईंचा चेहरा उतरला. त्या उठल्या. "शांताबाई, राग मानू नका. मुलगी बिल्कुल चांगली आहे हो. पण मी दोन गमावलीत. आता माझ्यात हिंमत नाही."

मला त्यांचा राग येत नाही, मित्रांनो. पोरं गमावलेल्या आईचं मन काय म्हणत असेल ते तिलाच ठाऊक.

भालचंद्र मात्र हसायलाच लागला. "आई, कमाल आहे तुझी! सहा वर्षं झाली, मी त्या ज्येष्ठेचं तोंड बघतोय. तिला मला खायचं असतं तर एव्हाना खाल्लं नसतं का? चल गच्चीवर. आज चंद्र तिला झाकणार आहे."

सगळे वर गेले. आभाळ धुऊन निघालं होतं. अर्धा चंद्र माझ्या अगदी जवळ आला होता. भालचंद्र म्हणाला, "ती लाल आहे ना, ती. तिचा उजेड इथे पोचायला शेकडो वर्षं लागतात. द्वारकाबाई जन्मल्या तेव्हा जो उजेड या गच्चीवर पडला, तो निघाला तेव्हा चारमिनारचा पहिला दगडसुद्धा बसला नव्हता. त्या उजेडाला काय ठाऊक, कोण जन्मणार आणि कुणाचा दीर कोण?"

बोलता बोलता चंद्राच्या अंधाऱ्या कडेआड मी दिसेनाशी झाले.

"अगंबाई, गेली की!" अनसूयाबाई म्हणाल्या.

"येईल तासाभरात," भालचंद्र म्हणाला. "तोवर पुरणपोळी वाढा. मला भूक लागलीय."

तो जेवला. चांगल्या चार पोळ्या तुपात बुडवून खाल्ल्या. मी चंद्राच्या उजळ कडेआडून बाहेर आले, तेव्हा तो पाचवी पोळी मागत होता. "बघ आई, ती नव्हती तेव्हाही मी होतो, ती आली तरी आहे!"

अनसूयाबाई हसल्या नाहीत. त्यांनी द्वारकेला जवळ बोलावलं. "पोरी, तू गप्प बसली असतीस तर मला कधी कळलंही नसतं. मग का सांगितलंस?"

द्वारका म्हणाली, "काकू, मला हे लग्न हवं होतं. पण भालचंद्ररावांना पुढे साधा ताप आला असता, तरी मला वाटलं असतं की माझ्यामुळेच. आणि तुम्हाला तर कारणही कळलं नसतं."

अनसूयाबाईंनी तिला करंडा आणायला सांगितला. मग तिच्याच हातातल्या करंड्यातलं कुंकू घेऊन त्यांनी तिच्या कपाळाला लावलं. "माझ्या भालचंद्राची माझ्याइतकी काळजी करणारी तू दुसरी," त्या म्हणाल्या. "तू त्याला जड होशील कशी गं? चल, मलाही पोळी वाढ."

मित्रांनो, त्या संध्याकाळी माझ्यापासून निघालेला उजेड अजून वाटेतच आहे. निघाल्यापासून हैदराबादेत पोचायला त्याला साडेपाचशे वर्षं लागतात. तोवर मी असेन किंवा नसेन. माझ्यासारख्या जाड्या ताऱ्यांचा शेवट मोठ्या स्फोटाने होतो, आणि माझी वेळ कधी येईल ते मलाही सांगता येत नाही. तुम्ही माझ्याकडे बघा, मला मोजा, मी लाल का म्हणून विचारा. मला आवडतं ते. पण माझ्या नावावर जन्मलेली पोर तुमच्या दारात आली, तर तिला नक्षत्र विचारू नका. गौरी दारात येते, तेव्हा तिला कुणी विचारतं का?