नादपुरीचा कौल

खिंडीत अकरा बांबू रोवले होते आणि त्यांच्यापुढे दीडशे माणसं हात जोडून बसली होती. बांबू वाजायला लागले की बाया पदर पसरायच्या, बाप्ये जमिनीला डोकं टेकवायचे. एक बांबू घुमायचा, दुसरा बारीक सुरात रडायचा. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्याही अंगावर काटा आला होता, खोटं कशाला बोलू?

"ढगांच्या पल्याड नादपुरी आहे," मानसिंग महाराज सांगायचे. "तिथं सात वारे राज्य करतात. प्रत्येकाची गादी सोन्याची, प्रत्येकाचा सूर वेगळा. तुमचं गाऱ्हाणं मी त्यांच्या दरबारात घालतो. वारा गायला की होकार, गप्प राहिला की नकार!"

नकार मिळालेल्याने अकरा दिवस महाराजांच्या मठात राबायचं, मग पुन्हा कौल लावायचा. सात-सात राजे, पण मठातलं शेण काढायला पासली गावच्याच बाया लागायच्या!

मी भार्गवी, भोरची. पासलीच्या वरच्या वाड्यांवर नर्स म्हणून फिरते. मार्चमधल्या एका मंगळवारी दुपारी दोनला मी कुंडलिकच्या घरी गेले. त्याची बायको नूतन, आठवा महिना. पाय सुजलेले, डोकं ठणकतंय, डोळ्यांपुढे अंधारी. रक्तदाब मोजला, एकशेसत्तर-एकशेदहा. गर्भारपणात हा जिवावरचा.

"आत्ताच्या आत्ता दवाखान्यात न्या हिला!"

"दवाखान्यात न्यावं का म्हून सकाळी नवाला कौल लावला व्हता," तिची सासू साळूबाई म्हणाली. "वारं गप्प ऱ्हायलं. आता अकरा दिस न्येता यायचं न्हाई."

"अकरा दिवस? मावशी, हिची आजची रात्र निघायची नाही!"

कुंडलिक खाली मान घालून उभा. मी ओरडले, हात जोडले, शेवटी रडकुंडीला आले. कुणी जागचं हलेना. साळूबाई उठली आणि चक्क अंगणातलं खळं झाडायला लागली. हरभरा मळून पडला होता. माझं डोकंच फिरलं.

"हे काय सुचतंय तुम्हाला आत्ता?"

"तिनाच्या पुढं वारं सुटंल. उफनाया नगं का?"

"रोज सुटतं?"

"ह्या दिसांत रोज. कोकनातनं वर चढतंय. सकाळच्याला पानबी हलत न्हाई."

"मग सकाळी नवाला बांबू कसा हो वाजेल, मावशी?"

साळूबाईचा हात थांबला. चाळीस वर्षं ही बाई वाऱ्याची वेळ बघून धान्य उफणत होती. तोच वारा खिंडीत गायला लागला, तर तिने त्याला ओळखलं नाही.

"कुंडलिक," ती खोल गेलेल्या आवाजात म्हणाली, "शेजारच्या पप्पूची जीप आन. पळ."

मी फोन करून रुग्णवाहिका खालच्या रस्त्यावर बोलावली. खाली जायची वाट मात्र खिंडीतूनच. तीन वाजून गेले होते, नेमका वारा सुटला होता, बांबू घुमत होते, आणि महाराज जीपला आडवे आले.

"नकार मोडताय? ऐका, राजे कोपले!"

कौलाला बसलेले लोक जीपभोवती जमले. आत नूतन कण्हत होती. साळूबाई खाली उतरली, तरातरा सर्वांत जवळच्या बांबूपाशी गेली आणि हात फिरवून बघायला लागली. एका पेरावर तिचं बोट अडकलं. भोक! तिने त्यावर अंगठा दाबला, बांबू मुका झाला. अंगठा काढला, बांबू रडायला लागला. पुन्हा दाबला, पुन्हा मुका.

"बगा रं," ती ओरडली, "माज्या अंगठ्याखाली राजा गप बसला!"

माणसं बाकीच्या बांबूंकडे धावली. प्रत्येकाला भोक, प्रत्येकाच्या कडा काळ्या. तापल्या सळईने पाडलेली भोकं. पोकळ पेराच्या तोंडावरून जोराचा वारा गेला की ते वाजतं, लहान पेर बारीक, मोठं पेर घोगरं. आणि कौलाची वेळ ठरवायचे महाराज. ज्याला राबवायचं त्याला सकाळची पाळी, जो राबून आला त्याला दुपारी तीननंतरची. एवढीच नादपुरी!

महाराज कुठल्या वाटेने गेले ते मी पाहिलं नाही. जीप सुटली होती.

रुग्णवाहिकेत नूतनला आकडी आली. दवाखान्यात डॉक्टरांनी शिकस्त केली. नूतन वाचली. मूल गेलं. मुलगी होती.

कुंडलिक माझ्यापाशी आला. "शिष्टर, सकाळी नवाला खिंडीत न जाता हितं आनलं असतं तर?"

धीर द्यावा म्हणून खोटं बोलावंसं वाटलं मला. पण खोट्यानेच तर एवढं झालं होतं.

"पोरगी बहुतेक जगली असती," मी म्हणाले.

तो भिंतीला टेकून खाली बसला आणि लहान पोरासारखा रडला. मीही रडले.

त्याला विचारूनच मी हे लिहिते आहे. बाबांनो, वारा तुमच्या ओळखीचा आहे, पाऊस ओळखीचा आहे, मातीही. कुणी त्यांच्या नावाने हुकूम सोडला, तर जवळ जा, हात लावून बघा, वेळ विचारा. आणि घरातली गर्भार बाई डोकं दुखतंय म्हणाली, तर कुणालाच कौल लावू नका. तिला आधी गाडीत बसवा.