फेर्रान्तीचे नाव

कार्डाची कड सोनेरी होती, आणि तिच्यावरून बोट फिरवले की सोने बोटालाच लागत होते… मधोमध छापलेले मात्र काही केल्या पुसले जात नव्हते — ‘मूकपटांच्या गमतीजमती : डॉ. मोहन यांच्या मातोश्री’.

गमतीजमती! सत्तावीस वर्षे पुण्याच्या चित्रपट-संग्रहालयात काढून, पन्नाशीत इटालियन शिकून, जेनोव्हाच्या गोदीवरच्या एका हमालाचे आयुष्य ज्यांनी कागदावर उतरवले, त्या अहिल्याबाईंना सौदीतल्या दम्मामच्या या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये नाव नव्हते.

“आई, पाच मिनिटांत आटप हं. मग अंताक्षरी आहे.”

“आटपायला मी भांडी घासायला चालले आहे का? आणि माझं नाव कुठे आहे यात?”

“इथे सगळे तुला माझी आई म्हणूनच ओळखतात. त्यात रागावण्यासारखं काय आहे?” मोहन हसला, रुग्णांची समजूत घालताना तो असाच हसत असावा.

तो स्टेजकडे गेला. मागच्या खोलीत, एसीच्या गारठ्यात, अहिल्याबाई ताठ बसून राहिल्या. फेर्रान्तीलाही कुणीतरी असेच समजावले असेल… उगो फेर्रान्ती — पोती वाहता वाहता चित्रपट कंपनीने उचलून आणलेला, खऱ्या बैलाची शिंगे धरायला लावलेला. आणि जाहिरातीवर नाव कुणाचे, तर त्याच्या भूमिकेचे — ‘तोरोने’, म्हणजे मोठा बैल. अठरा मूकपट, अठराही वेळा तोरोने. पहिल्या महायुद्धात सैनिक खंदकांत त्याचे चित्र जवळ बाळगीत, तेही तोरोनेचे! खरे नाव अहिल्याबाईंना सापडले ते एका करारपत्राखालच्या वाकड्या सहीत. त्या दिवशी त्यांनी घरी येऊन एकटीपुरता शिरा केला होता.

पण पुढचे क्षमा करण्यासारखे नव्हते. बोलपट येण्याआधीच तो थकला, त्याने गावी घर बांधले, आणि फाटकावर स्वतःच्या हाताने कोरले — तोरोने. भित्रा! माझ्या पुस्तकाचे शेवटचे प्रकरण तू नासवलेस. कंपनीने नाव घेतले ते घेतले, तू आपण होऊन का दिलेस? मी तिथे असते तर ती पाटी उखडून तुझ्या हातात दिली असती…

नाही. अहिल्या म्हणून पुकारल्याखेरीज उठायचे नाही. पाहुणे ताटकळोत, मोहनची शोभा होवो.

बाहेर माइक खरखरला. “डॉक्टर मोहन यांच्या आई आल्यात का?”

“आले, आले!”

दारात नात सानिका उभी होती. “आजी, यल्ला, चल ना! एव्हरीवन इज वेटिंग.”

सानिकाला त्या दिसल्या त्या उभ्याच — पदर खांद्यावर घेतलेला, टिपणे छातीशी धरलेली. ‘आले’ म्हणताना त्यांचाच आवाज खणखणीत निघाला होता, वर्गातल्या हजेरीला द्यावा तसा. राग होता, सगळाच्या सगळा होता. पण मोहन, कार्ड छापणारे, तो हमाल, यांच्यापैकी कुणाच्याही अंगावर तो आता धड बसेना… आणि पडद्यापलीकडे लोक टाळ्या वाजवू लागले होते.